गेरेवोल मी बघितलाच नाही

गेल्या महिन्याभरात तीन जणांनी मला तोच एक रील पाठवलाय. उंच शिडशिडीत पोरं, तोंडाला लाल-पिवळा रंग, ओठ काळे, नाकावर पांढरी रेघ, डोक्यात शहामृगाचं पीस, आणि डोळे ताणून, दात दाखवत, टाचा उचलून रांगेत डुलतायत. वर लिहिलंय, इथे पुरुष नटतात आणि बायका निवडतात. आणि खाली आमच्या सांगोल्याच्या मित्राचा मेसेज, "तू नायजरमध्येच आहेस ना रे? बघितलंस का हे?"

नाही बघितलं. हा नाच म्हणजे गेरेवोल, वोडाबे लोकांचा. राजधानी नियामेच्या बाहेर जायचं म्हणलं तर आम्हा परदेशी लोकांना मिलिटरीचा एस्कॉर्ट लागतो, आणि हे सगळं होतं पार उत्तरेला इनगालच्या बाजूला, सप्टेंबरात पाऊस सरता सरता, तिथल्या खारट पाण्यावर आणि मातीवर गुरं आणतात तेव्हा. कोण पाठवतंय मला तिकडं. पण वोडाबे माणूस मी रोज बघतो, आमच्या गेटवर रात्रपाळीला असतो तो. इथे वॉचमनला गार्दिएन म्हणतात.

वोडाबे म्हणजे फुलानी लोकांतलीच एक फिरस्ती शाखा, गुरांमागे हिंडणारी. नायजर, चाड, नायजेरिया, कॅमेरून, सगळीकडे आहेत, भाषा फुलफुल्दे. वोडाबे या शब्दाचा अर्थच 'वर्ज्य पाळणारे' असा आहे म्हणे, आणि ते मला कळायला एक दिवाळी जावी लागली. मी चकली आणि चिवडा दिला त्याला, दोन्ही हातांनी घेतला, हसला, आणि तसाच ठेवून दिला. मला वाटलं आवडलं नाही. सकाळी डबा धुऊन परत! परक्यासमोर खायचं नाही, लाज असते. ती लाज, म्हणजे 'सेमतेंदे', त्यांच्यात फार मोठी गोष्ट आहे, आणि तिच्या जोडीला 'मुन्याल', म्हणजे धीर, सोसणं. पहिल्या मुलाशी आईबापाने थेट बोलायचं नाही, त्याचं नाव घ्यायचं नाही, पोरगं बरेचदा आजी-आजोबांकडेच वाढतं. मी एकदा सहज विचारलं, मोठ्याचं नाव काय, तर हा गप्प, मग चहाच्या किटलीकडे बघत बसला. (आमची आजी आजोबांचं नाव उखाण्याशिवाय घ्यायची नाही, त्यामुळे मला हे फार विचित्र वाटलं नाही, पण पोराचं नाव?)

त्याच्या वडलांची गुरं 1984 च्या दुष्काळात गेली. त्याच्या आधी 1973 चा एक होताच. बरेच लोक तेव्हा शहराकडे आले, बायका जडीबुटी विकायला लागल्या, पुरुष गेटवर बसायला लागले. पण गेटवर बसलेला वोडाबे मनाने गेटवर नसतो हे मी सांगतो तुम्हाला. पगार झाला की पहिला फोन गावाकडे, आणि फोनवर बायकोची चौकशी दोन मिनिटं आणि गायींची वीस.

आणि ही गायीची गोष्ट मला त्या रीलपेक्षा जास्त सांगायची आहे. आपल्याकडे शेळी अर्धलीनं देतात माहितीये ना, सांभाळणाऱ्याला निम्मी पिल्लं, मालकाला निम्मी. मी त्याला ते समजावलं, मोडक्या फ्रेंचमध्ये, हातवारे करून. त्याला ते फार कद्रू वाटलं असावं. त्यांच्यात 'हब्बानाय' असतं. एखाद्याची गुरं मेली की नातेवाईक किंवा मित्र त्याला एक गाय देतो, ती दोन-तीन वेतं होईपर्यंत त्याच्याकडे राहते, मग गाय मूळ मालकाकडे परत, आणि वासरं सगळी ज्याने सांभाळली त्याची. दूधही त्याचंच. निम्मं बिम्मं काही नाही. उद्या आपली गुरं गेली तर हाच माणूस आपल्याला गाय देणार, एवढाच हिशोब. दुष्काळानंतर मदतसंस्थांनी सुद्धा हीच पद्धत उचलली, गुरं वाटायला. त्याच्याकडे आता जी आहेत ती अशाच एका चुलतभावाच्या गायीवर उभी राहिलेली.

सप्टेंबरात तो रजेवर गेला. जायच्या आदल्या रात्री पिशवी भरताना बघितलं मी, पिवळ्या पुडीची पुरचुंडी, काजळाची डबी आणि तळहाताएवढा आरसा. आरसा तसा रोजच खिशात असतो त्याच्या, ड्युटीवर सुद्धा, आधी मला हसू यायचं. म्हणलं नाचणार का? म्हणाला, माझं वय झालं पात्रों (म्हणजे मालक), हे घरी न्यायला आहे. कोणासाठी ते बोलला नाही.

परवा व्हॉट्सॲपवर व्हिडिओ आला त्याला, तो घेऊन माझ्याकडे आला. अंधुक, हलणारा, दहा-बारा पोरं खांद्याला खांदा लावून. मी लगेच, यातला तुझा कोणता? तो आकाशाकडे बघायला लागला. ड्रायव्हर हसून म्हणाला, डावीकडून तिसरा, अजून कोण, नाक बघा की. तरी हा काही बोलेना. मग स्क्रीनवर बोट ठेवून त्याने व्हिडिओ थांबवला, पोरांच्या मागे, धुळीत, आपल्या खिलारासारखी लांब शिंगं पण रंगाने गडद तांबडी, अशी एक गाय उभी होती.

"ही," तो म्हणाला. "तिसरं वेत झालं. आता परत द्यायची."