दोनदा आलेले नाव

श्रेयनामावली शेवटच्या ओळीपर्यंत वाचल्याशिवाय चित्रपट पाहिल्यासारखे न वाटणे ही माझी जुनी खोड आहे, आणि मी जागचा हलत नाही म्हणून शेजारच्यांनाही ताटकळत बसावे लागते. या खोडीमुळेच मिर्यामी कुओस्मानेन ही फिनलंडची अभिनेत्री माझ्या लक्षात राहिली. 'वाल्कोइनेन पेउरा', म्हणजे 'पांढरा रेनडिअर', या १९५२ सालच्या चित्रपटात तिचे नाव दोनदा येते. एकदा नायिका म्हणून आणि एकदा पटकथेची सहलेखिका म्हणून. पटकथेतले दुसरे नाव तिचा पती एरिक ब्लॉमबर्ग याचे, आणि दिग्दर्शन व छायाचित्रणही त्याचेच असल्यामुळे 'ब्लॉमबर्गचा चित्रपट' एवढे म्हणून बहुतेक जण पुढे जातात.

चित्रपट त्याच वर्षीच्या जुलैत झळकला. त्याच महिन्यात हेलसिंकीच्या ऑलिंपिकमध्ये आपल्या खाशाबा जाधवांनी कांस्यपदक जिंकले होते, हा योगायोग कळल्यापासून तो काळ मला उगीचच ओळखीचा वाटतो. पुढच्या वर्षी कान महोत्सवात, फ्रेंच कवी-दिग्दर्शक जाँ कोक्तो अध्यक्ष असलेल्या परीक्षक मंडळाने चित्रपटाला पारितोषिक दिले आणि १९५७ मध्ये त्याला गोल्डन ग्लोबही मिळाला. मिर्यामी मात्र १९६३ मध्ये, पन्नाशीही न गाठता गेली.

ती मध्य फिनलंडमधल्या केउरूची. उत्तरेकडच्या लॅपलंडमधल्या सामी या आदिवासी समाजातल्या स्त्रीची भूमिका सामी नसलेल्या नटीने करणे आज खटकेल, आणि ते खटकायलाही हवे. तरीही तिची पिरिता विसरता येत नाही. बर्फावरच्या घसरगाड्यांच्या शर्यतीत मोकळेपणाने हसणारी ही मुलगी लग्नानंतर एकटी पडते, कारण नवरा आस्लाक रेनडिअरचे कळप घेऊन दिवसचे दिवस दूर असतो. त्याचे प्रेम टिकावे म्हणून ती मांत्रिकाकडे जाते, आणि परतताना आधी भेटेल त्या जिवाचा बळी देण्याच्या अटीपायी आस्लाकनेच भेट दिलेल्या पांढऱ्या पाडसाचा बळी देते. त्यानंतर ती स्वतःच पांढरे रेनडिअर होऊन पुरुषांना निर्जन दरीत ओढून नेऊ लागते. हे रूपांतर यंत्रांच्या करामतीपेक्षा तिच्या चेहऱ्यावर अधिक घडते. डोळे तेच राहतात, पण त्यांतली ओळख निघून जाते.

सर्वांत जास्त मी थबकतो तो मांत्रिकाच्या झोपडीतल्या प्रसंगाशी. मागायला आलेली बाई आणि देणारा मांत्रिक अशी सुरुवात होते, पण विधी रंगत जातो तशी या बाईची शक्ती आपल्याहून मोठी आहे हे ओळखून मांत्रिकच भेदरतो, आणि त्याच्याकडे पाहणाऱ्या पिरिताच्या चेहऱ्यावर भीतीसोबत किंचित समाधानही उमटते. पटकथेवर नावे दोघांची असली, तरी हा प्रसंग तिनेच लिहिला असावा असे मी मनाशी ठरवून टाकले आहे.