हाताचा चाळा

सांगली, गुरुवार, रात्र

आज जेवताना जे घडले ते इतके लहान आहे की त्यासाठी वही उघडावी का, असा प्रश्न पडला होता. पण साडेअकरा वाजून गेले, दोनदा दिवा मालवला, दोनदा पुन्हा लावला, तेव्हा लिहूनच टाकावे असे ठरवले.

सोमवारी नातवाची शाळा सुरू होणार आहे आणि त्याआधी त्याचे दुपटे सुटले पाहिजे असा सूनबाईचा आग्रह आहे. ताटावर बसला तेव्हाही त्याच्या डाव्या हातात त्या दुपट्याचा कोपरा होता आणि अंगठा त्यावरून पुढे-मागे फिरत होता. तू आता मोठा झालास, मोठी माणसे असे करत नाहीत, असे तिने त्याला समजावले. त्याने मान वर न करताच सांगितले, "आज्जी करते की."

सगळ्यांनी माझ्या हाताकडे पाहिले. मीही पाहिले. पदराचा काठ माझ्या डाव्या अंगठ्याच्या आणि तर्जनीच्या चिमटीत होता आणि अंगठा त्यावरून फिरत होता, अगदी त्याच्यासारखाच. मी चोरी सापडल्यासारखा हात मागे घेतला. चिरंजीव हसले, सूनबाई आमटी वाढायला उठली, आणि बोलणे पावसावर गेले.

झोपताना पांघरुणाचा काठ हाताला लागतो, हे मला लहानपणापासून ठाऊक आहे. त्याबद्दल मला कधी काही वाटले नाही, कारण ते अंधारातले आणि माझे एकटीचे होते. दिवसाउजेडी, चारचौघांत, ताटावर बसून माझा हात हेच करत असतो, हे मात्र मला खरोखर माहीत नव्हते. सासष्ट वर्षे जो हात माझा म्हणून वापरला, तो माझ्या नकळत काहीतरी करत होता आणि चार वर्षांच्या मुलाला ते दिसत होते, ही गोष्ट मनातून जात नाही. किती जणांनी पाहिले असेल?

मघाशी म्हणून कपाटातले अल्बम काढले. निवृत्तीच्या समारंभात मुख्याध्यापक भाषण करत आहेत, मी शेजारी बसले आहे, नारळ मांडीवर आहे आणि शालीची कड चिमटीत आहे. चिरंजीवांच्या लग्नात विहीणबाईंशी बोलताना शालूचा काठ हातात आहे. पुराच्या वर्षी विश्रामबागेत भाच्याकडे राहायला गेलो होतो, तेव्हा कोणीतरी काढलेल्या फोटोत मी खिडकीशी बसले आहे आणि खिडकीचा पडदा माझ्या हातात आहे. पडदा! दुसऱ्याच्या घरचा. पान उलटताना मी चेहऱ्यांकडे पाहतच नव्हते, फक्त डावा हात शोधत होते, आणि तो जिथे जिथे दिसला तिथे तिथे रिकामा नव्हता.

ह्यांनी पाहिलेच असणार. इतक्या वर्षांत एका शब्दाने बोलले नाहीत. त्यांना ते इतके नेहमीचे झाले होते की दिसेनासे झाले, की मला वाईट वाटेल म्हणून गप्प राहिले, हे आता विचारायला कोणी नाही. आता माझ्या हाताकडे पाहणारे कोणी उरले नाही असे मी मध्यंतरी अक्काला म्हणाले होते, ते निराळ्या अर्थाने. असो.

मी शिकवत होते ते शाळेतले दिवस आठवतात आणि जास्त लाज वाटते. पाय हलवणाऱ्या मुलाला मी सांगत असे की पाय हलवू नकोस, घरात लक्ष्मी टिकत नाही. माझ्या आईने मला सांगितले ते मी तसेच पुढे दिले. वेणीच्या रिबिनीचे टोक चावणाऱ्या मुलीला मी वर्गासमोर उभे केले होते. एक मुलगा सदऱ्याचे तिसरे बटण सतत फिरवत असे आणि ते तुटले की चौथे फिरवू लागे. त्याला मी दोन्ही हात बाकावर ठेवून बसायला लावले. त्या तासाला त्याने एकाही प्रश्नाचे उत्तर दिले नाही. आधी तो उत्तरे देत असे. हे मला तेव्हाही दिसले होते आणि तरीही मी ते शिस्तीच्या खात्यावर टाकले.

नखे रक्त येईपर्यंत कुरतडणारी एक मुलगी होती, तिची गोष्ट वेगळी होती. जी सवय अंगाला इजा करते किंवा दिवसच खाऊन टाकते, तिथे डॉक्टरांना दाखवायला हवे, आणि तेही मी तिच्या आईला वेळेवर सांगितले नाही. पण बटण, रिबीन, पाय? त्यांनी कोणाचे काय बिघडवले होते?

आपल्याकडे याला 'चाळा' म्हणतात आणि हा शब्द आपण मुलांवर रागावून वापरतो. आजी-पणजी मात्र तोच शब्द मायेने वापरत. 'हाताला काहीतरी चाळा हवा' असे म्हणून त्या कापूस घेऊन बसत आणि वाती वळत. चातुर्मासात आमच्या आत्याने लक्ष वाती, म्हणजे एक लाख वाती, केल्या तेव्हा मी तिच्याजवळ बसून मोजत असे. कापूस ओढायचा, तळव्यावर फिरवायचा, वात बाजूला ठेवायची, पुन्हा कापूस ओढायचा. आत्याचे दिवस तेव्हा बरे नव्हते, घरात कोणी तिच्याशी धड बोलत नसे, आणि वाती वळताना मात्र तिचे खांदे खाली येत. तिला कोणी वेडी म्हटले नाही, कारण ते देवाचे काम होते. अक्काच्या जपमाळेचेही तसेच. एकशे आठ मणी, मेरूमण्याशी आले की तो न ओलांडता माळ उलटी फिरवायची आणि पुन्हा पहिल्यापासून. तिच्या अंगठ्याला मी श्रद्धा म्हणते आणि माझ्या अंगठ्याला खोड. दोघींचे अंगठे बाजूबाजूला ठेवले तर पाहणाऱ्याला फरक सांगता येईल का?

जपाविषयी एक अभ्यास मी पूर्वी वाचला होता, तो आज पुन्हा आठवला. इटलीतल्या लुचियानो बेर्नार्दी या वैद्यक संशोधकाने आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २३ निरोगी माणसांना ख्रिस्ती जपमाळेतली लॅटिन प्रार्थना आणि 'ओम मणि पद्मे' हा मंत्र म्हणायला लावला, आणि २००१ साली त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. दोन्हींत श्वास आपोआप मिनिटाला सुमारे सहा या गतीवर आला. एरवी आपण याच्या दुपटीहून जास्त वेळा श्वास घेतो. त्या संथ गतीला हृदयाचे ठोके आणि रक्तदाब एका लयीत येतात, आणि रक्तदाब सावरणारी शरीरातली यंत्रणा अधिक चांगला प्रतिसाद देऊ लागते. धर्म वेगळे, भाषा वेगळ्या, शब्दांचा अर्थ वेगळा, आणि श्वास एकच. श्रद्धा त्यामुळे लहान होते असे मला वाटत नाही. शतकानुशतके माणसांनी ज्या लयीत प्रार्थना बसवली ती लय त्यांना आधी अंगातच सापडली असावी, असे मात्र वाटते. जात्यावर ओव्या म्हणणाऱ्या बायकांना ती सापडली होतीच. तान्ह्याला थोपटणाऱ्या हाताला ती कोणी शिकवावी लागत नाही.

पण माझ्या अंगठ्याला मंत्र नाही. त्याला काठ लागतो.

तो काठ मूळचा आईच्या वाकळेचा. तिची जुनी इरकली लुगडी एकावर एक घालून तिने ती शिवली होती, आणि कडेला लुगड्याचा काठ दुमडून धावदोरा घातला होता. दोरा जाड होता, त्यामुळे अंगठा फिरवला की टाका लागे, मग सपाट जागा, मग पुन्हा टाका. दिवा गेल्यावर मी ते टाके मोजत नसे, तरी पुढचा टाका कधी येणार हे अंगठ्याला ठाऊक असे. वर्षातून एकदा आई वाकळा कृष्णेच्या घाटावर धुऊन आणी आणि त्या रात्री मला झोप लागत नसे. वाकळ तीच असे, पण तिला उन्हाचा आणि साबणाचा वास येई आणि काठ कडक लागे. मी रडले की घरची मंडळी म्हणत, स्वच्छ पांघरूण मिळाले तर ही रडते.

डोनाल्ड विनिकॉट नावाचे इंग्लंडमधले एक बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक होते. आई आणि आपण एकच आहोत या समजुतीतून मूल हळूहळू बाहेर पडते तेव्हा ते एखादे फडके, एखादे पांघरूण जवळ धरते, याकडे त्यांनी १९५१ साली गांभीर्याने लक्ष वेधले. ती वस्तू धड आईही नसते आणि धड मुलाची स्वतःचीही नसते, दोहोंच्या मधली असते. ती वस्तू मळली, तिला वास येऊ लागला तरी आई ती तशीच राहू देते, कारण धुतल्याने मुलाच्या अनुभवाचा सलग धागा तुटतो आणि त्या वस्तूचा अर्थच जाऊ शकतो, हेही त्यांनी नोंदवले. बी.एड.ला असताना हे परीक्षेपुरते वाचले होते. घाटावरून आलेली वाकळ तेव्हा आठवली नाही, आज आठवली.

पुढे अशा वस्तूचे काय होते, तेही त्यांनी सांगितले आहे. मूल ती विसरत नाही आणि तिच्यासाठी शोकही करत नाही. तिचे महत्त्व फक्त विरत जाते. माझ्या बाबतीत हे पहिले अर्धे तरी खरे आहे. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पाणी गावभागात शिरले तेव्हा वाकळ खालच्या खोलीतल्या ट्रंकेत होती. आम्ही कागदपत्रे, औषधे आणि देव घेऊन निघालो. परत आलो तेव्हा गल्लीभर गाद्या, वह्या आणि भिजलेल्या धान्याचे ढीग होते, आणि गाळाने जड झालेली वाकळ मी माझ्या हातांनी त्या ढिगावर टाकली. रडले नाही. त्या दिवशी रडायला दुसऱ्या गोष्टी होत्या. आता कळते की हाताने मात्र त्या दिवसापासून मिळेल तो काठ धरायला सुरुवात केली असावी. निवृत्तीचा फोटो त्याआधीचा आहे, हे लिहितानाच लक्षात आले. म्हणजे हेही पूर्ण खरे नाही.

पुरानंतर आम्हा सगळ्यांनाच एक नवी सवय लागली, तिला कोणी चाळा म्हणत नाही. जुलै उजाडला की जो तो विचारतो, "आयर्विनला किती?" म्हणजे आयर्विन पुलाशी कृष्णेचे पाणी किती फुटांवर आहे. चाळीस फुटांना इशारा, पंचेचाळीसला धोका, आणि त्या वर्षी पाणी ५७ फुटांच्या वर गेले होते, हे लहान मुलेही सांगतात. कोयना धरणातून किती क्युसेक पाणी सोडले ते आम्ही रात्री दोन वाजता उठून मोबाईलवर पाहतो. पाहिल्याने नदी एक इंचही उतरत नाही. मालिनोव्स्की या मानववंशशास्त्रज्ञाने पहिल्या महायुद्धाच्या काळात पापुआ न्यू गिनीजवळच्या ट्रोब्रियांड बेटांवर पाहिले होते की शांत खाजणात मासे धरणारे लोक कसलेही मंत्रतंत्र करत नाहीत, आणि तेच लोक खुल्या समुद्रात जायचे असले, जिथे जीवही जाऊ शकतो आणि मासे मिळण्याचीही खात्री नसते, तेव्हा विधींमागून विधी करतात. जे हातात नाही त्याच्याभोवती माणूस फेऱ्या घालतो. आमचे आयर्विनचे आकडे हे तेच आहे.

तरीही एक फरक आहे, आणि तो आज प्रथमच नीट कळतो आहे. आकडा पाहून मला कधी झोप लागली नाही. तो दर वेळी वेगळा असतो आणि मागे नवा प्रश्न ठेवून जातो. म्हणून तो पुन्हा पाहावा लागतो. काठ दर वेळी तेच उत्तर देतो. टाका, सपाट जागा, टाका. पुढे काय येणार हे आधीच ठाऊक असलेली एवढीशी जागा माझ्या दोन बोटांत आहे, आणि बाकी कशाचेच पुढचे ठाऊक नसताना मी तिथे जाऊन येते. बटण फिरवणारा तो मुलगाही तिथेच जाऊन येत असेल आणि मग माझ्या प्रश्नाचे उत्तर देत असेल.

किती जणांनी पाहिले असेल, हा प्रश्न अजून आहे, पण मघाइतका टोचत नाही. पाहिले असेल. विहीणबाईंनी पाहिले असेल, मुख्याध्यापकांनी पाहिले असेल, आणि त्यातल्या कोणी मला त्यासाठी टाकून दिले नाही. नातवाने तर ते दोषासारखे सांगितलेच नव्हते. मोठी माणसे असे करत नाहीत, हे त्याच्या आईचे म्हणणे खरे नाही, एवढीच त्याची माहिती होती आणि त्याने ती दिली.

जेवणानंतर सूनबाईने मला स्वयंपाकघरात हळूच सांगितले की आई, तुमचे तो ऐकतो, तुम्हीच त्याला समजवा. मी हो म्हटले. तिचेही चुकत नाही. नव्या वर्गात इतर मुले हसतील अशी तिला भीती वाटते, आणि ती भीती खोटी नाही. उद्या ते दुपटे गरम पाण्यात धुऊन माळ्यावर टाकायचे, म्हणजे चार दिवसांत तो विसरेल, असे तिने ठरवले आहे.

आत्ता पाणी प्यायला उठले तेव्हा ते न्हाणीत बादलीशेजारी ठेवलेले दिसले, अजून कोरडे. कोपऱ्याची शिवण इतकी झिजली आहे की अंगठ्याला जेमतेम लागते. मी ते उचलून आत नेले आणि झोपलेल्या मुलाच्या हाताशी ठेवले. त्याने डोळे न उघडता कोपरा शोधून काढला. सकाळी सूनबाई उठायच्या आधी मला उठायला हवे, तिच्याशी बोलायचे आहे.