उलटा पाऊस

दुपारी जेवणानंतर आडवी होऊन एक जाडजूड कादंबरी वाचत होते. पहिल्या पानावर नकाशा असतो ना, त्या जातीची. राज्यावर जांभळं धुकं उतरलं होतं. त्यात श्वास घेतला की माणूस स्वतःचं नाव विसरायचा. राजकन्या बुरुजावर उभी, केस भुरभुर उडताहेत. (धुक्यात एवढा वारा कसा, हे सोडून देऊ.) आणि माझ्या मनात आलं, दोरीवरचे कपडे कुणी आत घेतले का? जांभळा डाग धुतल्यावर निघतो का?

ही माझी जुनी खोड आहे. लेखक अख्खं जग रचतात, त्याला दोन-दोन चंद्र देतात, सात पिढ्यांच्या वंशावळी देतात, पण तिथलं हवामान मात्र काम असेल तेवढ्यापुरतंच येतं. राजा गेला की गडगडाट. फितुरी झाली की वावटळ. मधल्या दिवसांत आभाळ निरभ्र. त्या जगात कधी कुणाला नुसतंच उकडत नाही. ढगाकडे बघून ‘पडायचा नाही हो, उगाच आलाय’ असं म्हणणारा म्हातारा तिथे नसतो. आणि जादूचं का असेना, धुकं दरवर्षी यायला लागलं तर तिसऱ्या वर्षी लोक मनगटावर आपापली नावं लिहून मुकाट कामाला लागतील. चौथ्या वर्षी तक्रारी सुरू होतील. ‘आमच्या वेळचं धुकं काय असायचं! माणसं बापाला ओळखत नसत. आता काय, आडनाव तेवढं विसरतं.’

लहानपणी सुट्टीत मी आणि माझ्या मामेभावानं वहीच्या मागच्या पानांवर एक देश वसवला होता. दादा मोठा, म्हणून राजा तो. माझ्याकडे नकाशे आणि शंका. त्या देशात पाऊस जमिनीतून वर जायचा. तळपायांना गुदगुल्या झाल्या की समजायचं, येतोय. छत्री उघडून जमिनीवर उलटी ठेवायची आणि तिच्यात उभं राहायचं. तान्ही मुलं पाळण्याला बांधून ठेवायची. बेडूक मात्र जायचे. बेडकांचं काही करता येत नाही, असं राजानं दुःखानं जाहीर केलं होतं.

“आणि घरात असलो तर?” मी विचारलं.

दादा बराच वेळ पेन्सिल चावत बसला. मग म्हणाला, पाणी फरशीतून वर येणार, छताला अडणार आणि तिथेच साचणार. म्हणजे घरातल्यांची डोकी बुडणार. उघड्यावर मात्र थेंब आले तसे निघून जाणार. त्यामुळे आमच्या देशात पाऊस सुरू झाला की माणसं अंथरुणं-पांघरुणं घेऊन घराबाहेर धावत सुटायची. ज्याचं छप्पर फुटकं, तो नशीबवान. श्रीमंत लोक पैसे मोजून छपराला भोकं पाडून घ्यायचे. हा नियम दादाला इतका आवडला की त्यानं त्या दिवशी जेवतानाही वर छताकडे बघत घास घेतले आणि बोलणी खाल्ली.

पुढे कळलं की आमची थाप अगदीच थाप नव्हती. गडगडाटी ढगात खालून वर जाणारा वारा इतका जोरकस असतो की गारा पडता पडता पुन्हा उचलल्या जातात. वर गारठलेलं पाणी त्यांना चिकटतं, बर्फ चढत जातो, आणि वाऱ्याला पेलेनाशा झाल्या की मग त्या सुटतात. अमेरिकेत साउथ डकोटातल्या व्हिवियन गावी २०१० साली पडलेली गार आठ इंच व्यासाची होती. एवढं धूड आधी वाऱ्यानं हवेत तोलून धरलं होतं! दादाचे बेडूक त्यापुढे किरकोळच.

विजेचंही तसंच. मोठ्या वादळात ढगांच्या डोक्यावर, पन्नास ते नव्वद किलोमीटर उंचीवर, लाल उजेडाची झाडं उगवतात आणि डोळ्याचं पातं लवायच्या आत विझतात. असं काही घडू शकेल, हे सी. टी. आर. विल्सन या शास्त्रज्ञानं १९२०च्या दशकातच मांडलं होतं. वैमानिकही कित्येक वर्षं सांगत होते, पण कुणी फारसं मनावर घेतलं नाही. शेवटी १९८९च्या जुलैत मिनेसोटा विद्यापीठातली मंडळी अंधुक उजेडात चालणारा कॅमेरा तपासून बघत होती, त्यात ते उजेड आपसूक सापडले. ‘स्प्राइट’ म्हणतात त्यांना. मला राहून राहून त्या वैमानिकांची आठवण येते. आभाळात लाल झाड पाहिलेला माणूस विमान उतरवून नोंदवहीत काय लिहीत असेल? ‘हवामान ठीक.’

आणि कुणी राजा गेला म्हणून काही ती झाडं उगवत नाहीत. खाली कुणी बघत नसलं तरी उगवतात. जांभळ्या धुक्यापेक्षा मला ती जास्त आवडतात ती यामुळेच. पुस्तकातलं धुकं सारखं माझ्याकडे वळून बघतं, घाबरले का म्हणून.

संध्याकाळी दादाला फोन केला. तो आता पाणीपुरवठ्याच्या कामात आहे, त्यामुळे प्रश्न त्याच्याच खात्यातला होता. म्हटलं, तो वर गेलेला पाऊस परत खाली कधी यायचा रे?

“खाली येतो असं कधी ठरलं होतं?”

मग मी एवढ्या हौसेनं निळ्या पेन्सिलीनं काढलेल्या नद्या कशावर वाहत होत्या, असं विचारणार होते. पण त्याला दुसरा फोन आला.