तेरेझीन: प्रागहून एका दिवसात, आपलं आपण

तेरेझीन हे चेकियातलं गाव; दुसऱ्या महायुद्धात नाझींनी इथे ज्यूंना कोंडून ठेवलं होतं. तिथे जाणार असाल तर पहिली गोष्ट, शनिवार टाळा. ज्यूंचा शब्बाथ असल्यामुळे तिथलं दहनगृह त्या दिवशी बंद असतं, आणि प्रागमधली पिंकास सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, हीसुद्धा. दुसरी गोष्ट, 'अर्ध्या दिवसाची सहल' घेऊ नका. अर्ध्या दिवसात गावाशेजारच्या लहान किल्ल्यातला तुरुंग बघून होतो, गाव राहून जातं. आणि जे घडलं ते मुख्यतः गावात घडलं.

मी शाळेत चित्रकला शिकवते. गेल्या मे महिन्यात भाचीला भेटायला गेले होते; ती ड्रेस्डेनला शिकते, तिथून प्राग रेल्वेने दोन-अडीच तासांवर. तेरेझीनच्या कैदेत मुलांना शिकवणाऱ्या फ्रीडल डिकर-ब्रान्डाइस या चित्रकला शिक्षिकेचं नाव मी बऱ्याच वर्षांपूर्वी वाचलं होतं. तेव्हापासून मनात होतं की जमेल तेव्हा तिचा वर्ग भरायचा ते गाव बघून यायचं. प्रागमधला एक पूर्ण दिवस त्यासाठी राखून ठेवला.

जाणं सोपं आहे. मेट्रोच्या लाल, म्हणजे सी मार्गाने नाद्राझी होलेशोवित्से स्टेशनला उतरायचं. बाहेरच बसथांबे आहेत. लितोम्येर्झित्सेला जाणारी बस तेरेझीनवरून जाते. तिकीट चालकाकडेच मिळतं. साधारण तासाभराचा रस्ता, दोन्ही बाजूंना शेतं. वेळापत्रकासाठी तिकडे सगळे 'इडॉस' वापरतात, तेच मोबाईलवर ठेवा. दुसरा मार्ग रेल्वेचा: बोहुशोवित्से स्टेशनला उतरून तीनेक किलोमीटर चालत. सुरुवातीला कैद्यांनाही तिथेच उतरवायचे आणि सामानासकट चालवत आणायचे. १९४३च्या जूनमध्ये कैद्यांकडूनच रूळ टाकून घेऊन गाड्या थेट गावात आणल्या. त्या रुळांचा एक तुकडा अजून रस्त्याच्या कडेला आहे. पायात बळ असेल तर जाताना रेल्वेने जा, येताना बस घ्या. आम्ही दोन्ही वेळा बसने गेलो याची मला आता चुटपुट आहे.

बस चौकात थांबली तेव्हा भाची म्हणाली, "मावशी, चुकीच्या ठिकाणी उतरलो का गं आपण?" तिचं बरोबर होतं. समोर हिरवळ, बाकं, झाडं, एक चर्च, पिवळसर रंगाच्या सरळ रेषेतल्या इमारती. एका खिडकीत कपडे वाळत घातलेले. एक आजी पिशवी घेऊन दुकानातून घरी निघालेल्या. तेरेझीन हे आजही राहतं गाव आहे. अठराव्या शतकाच्या अखेरीस सम्राट दुसऱ्या जोसेफने लष्करी ठाणं म्हणून ते वसवलं आणि आई मारिया तेरेझाचं नाव दिलं. चहूबाजूंनी तटबंदी, आत आखीव रस्ते आणि सैनिकांच्या प्रचंड बराकी. माणसं कोंडायला नाझींना काही बांधावंच लागलं नाही.

२४ नोव्हेंबर १९४१ला कैद्यांची पहिली तुकडी आली. पुढच्या वर्षी मूळ रहिवाशांना बाहेर काढून अख्खं गावच घेट्टो, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवायची वस्ती केलं. युद्धाआधी सैनिक धरून सात-एक हजार लोक जिथे राहायचे, तिथे सप्टेंबर १९४२मध्ये जवळपास ५८ हजार माणसं कोंबलेली होती. एकूण सुमारे १ लाख ४० हजार लोक इथे आणले गेले. त्यातले सुमारे ३३ हजार इथेच भूक, रोगराई आणि हालअपेष्टांनी गेले. सुमारे ८८ हजार पुढे पूर्वेकडे, ऑश्विट्झच्या मृत्युछावणीत आणि अशाच इतर ठिकाणी पाठवले गेले. त्यातून चार हजारही परतले नाहीत.

आता त्या चौकाबद्दल, कारण तिथे तुम्ही उभे राहणारच आहात. बराच काळ हा चौक कुंपण घालून बंद होता, त्यावर तंबू ठोकून आत कैद्यांकडून काम करून घेत. १९४४मध्ये रेड क्रॉसची पाहणी ठरली आणि गाव 'सजवायला' घेतलं. तंबू गेला, हिरवळ आली, गुलाब लावले, वाद्यवृंदासाठी मंडप उभा राहिला. दुकानांच्या काचा भरल्या, कॅफे, बँक, मुलांसाठी खेळायची जागा. गर्दी दिसू नये म्हणून मे महिन्यात साडेसात हजार माणसं ऑश्विट्झला रवाना केली. २३ जून १९४४ला पाहुणे आले, आखून दिलेल्या रस्त्याने फिरले, आणि रेड क्रॉसच्या स्विस प्रतिनिधीने अनुकूल अहवाल लिहिला. नंतर याच देखाव्यावर प्रचारपट काढला. त्याच्या कामाला जुंपलेल्या कैद्यांनाही त्या शरद ऋतूत गाडीत बसवलं. सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरअखेर या एका महिन्यात १८ हजारांहून जास्त लोक गेले.

आम्ही एका बाकावर बसून आधी हे सगळं वाचलं, मग उठलो. तुम्हीही तसंच करा. चौक आजही सुंदर आहे. आत जायच्या आधी त्याच्याकडे नीट बघून घ्या.

पहिलं तिकीट घेट्टो म्युझियममध्ये काढा. घेट्टो म्युझियम, माग्देबुर्ग बराक आणि लहान किल्ला असं एकत्रित तिकीट मिळतं, तेच परवडतं. ऑश्विट्झसारखं महिनाभर आधी नाव नोंदवून ठेवायची गरज आम्हाला पडली नाही. सहलीच्या बसेस आधी किल्ल्यावर जातात, म्हणून सकाळी म्युझियममध्ये शांतता असते.

ही इमारत मुळात शाळेची. घेट्टोत तिचा क्रमांक एल ४१७: उभ्या रस्त्यांना एल आणि आडव्यांना क्यू अशी त्यांची पद्धत होती. इथे दहा ते पंधरा वयाची मुलं राहत. पहिल्याच दालनात मुलांची नावं आणि चित्रं आहेत. याच इमारतीत पेटर गिन्झ नावाचा मुलगा 'वेदेम' नावाचं साप्ताहिक चालवायचा. एकच प्रत, दर शुक्रवारी रात्री खोलीत मोठ्याने वाचली जायची. आपल्याकडच्या शाळांतलं हस्तलिखित ज्यांनी काढलंय त्यांना मी काय म्हणतेय ते कळेल: अक्षर चांगलं असलेल्याकडे लेखन, हात बरा असलेल्याकडे मुखपृष्ठ, आणि मजकूर वेळेवर न देणाऱ्यांच्या मागे फिरणारा संपादक. माझ्या शाळेत दरवर्षी हेच चालतं. इथे ते १९४२ ते १९४४ असं दोन वर्षं चाललं, आणि सुमारे आठशे पानं उरली.

पेटर १९४४मध्ये ऑश्विट्झमध्ये मारला गेला, सोळा वर्षांचा. चंद्रावरून पृथ्वी कशी दिसेल याचं त्याने काढलेलं एक चित्र आहे. टोकदार काळे डोंगर, वर पृथ्वीचा गोळा. त्याची प्रत इस्रायली अंतराळवीर इलान रामोन यांनी २००३मध्ये कोलंबिया यानातून सोबत नेली होती. आपली कल्पना चावला होती तेच यान. १ फेब्रुवारीला ते परतताना कोसळलं. पेटरचा जन्म १ फेब्रुवारी १९२८चा. कोलंबियाची बातमी आमच्या घरी सगळ्यांनी टीव्हीसमोर बसून बघितली होती. त्या यानात हे चित्रही होतं, हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं.

माग्देबुर्ग बराक पाच-सात मिनिटांवर. घेट्टोच्या ज्यू प्रशासनाची कचेरी तिथे होती. वरच्या मजल्यावर एक शयनखोली जशीच्या तशी उभी केली आहे: तीन मजली फळ्या, त्यांवर बोचकी, बाहुली, पातेली. बाकी दालनांत कैदी चित्रकारांची, संगीतकारांची, लेखकांची कामं. इथे घाई करू नका, निदान तास द्या. काही चित्रकारांनी दिवसा हुकमाप्रमाणे नकाशे आणि तक्ते काढले आणि रात्री चोरून खऱ्या रांगा, खरे म्हातारे, खऱ्या शवगाड्या काढल्या. त्या कागदांवर रेषा घाईची आहे, पण हात कुठेही थरथरलेला नाही. बराकींना जर्मन शहरांची नावं दिली होती. जवळच ड्रेस्डेन बराक आहे, बंद, पडझडीला आलेली. तिच्यात बायका राहायच्या. भाची बराच वेळ त्या भिंतीपाशी उभी होती.

दहनगृह गावाबाहेर, बोहुशोवित्सेच्या बाजूला, वीसेक मिनिटं चालत. इमारत साधी आहे, आत लोखंडी भट्ट्या आहेत, आणि बाहेर गवतात समाध्यांच्या रांगा. दहन केलेल्यांची राख कागदी डब्यांत नाव-क्रमांक घालून तटबंदीतल्या कोलंबारियममध्ये, म्हणजे राख ठेवायच्या जागेत, ठेवत. नंतर ती सन्मानाने पुरू, असं सांगितलेलं होतं. नोव्हेंबर १९४४मध्ये पुरावा राहू नये म्हणून २२ हजार माणसांची राख ओह्रझे नदीत ओतली. माणसांची रांग करून डबे हातोहात नदीपर्यंत पोचवले. नदीकाठी स्मारक आहे. तिथे आम्ही दोघी काही न बोलता बसलो. मला कृष्णाकाठ आठवला, वडिलांच्या अस्थी सोडल्या तो दिवस आठवला. आपल्याकडे नाव घेऊन, गोत्र सांगून नदीत सोडतात. इथे नाव मिटावं म्हणून सोडलं.

लहान किल्ला नदीच्या पलीकडे, चौकापासून साधारण एक किलोमीटर. हा घेट्टो नव्हे, ही चूक फार जण करतात. हा जून १९४०पासून गेस्टापोचा, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांचा तुरुंग होता, मुख्यतः राजकीय कैद्यांसाठी. सुमारे ३२ हजार माणसं इथून गेली. कोठड्या, गोळ्या घालायची जागा, अंधारा लांब बोगदा. पहिलं महायुद्ध ज्याच्या गोळीने पेटलं तो गाव्रिलो प्रिन्सिप नाझींच्या आधी, ऑस्ट्रियाच्या काळात इथेच कैदेत होता; त्याचीही कोठडी दाखवतात. एक दाढीची खोली आहे: भिंतीलगत बेसिनांची रांग, वर आरसे. ती पाहणीसाठी दाखवायला केली होती, कधी वापरलीच नाही, असं तिथल्या गाईडने सांगितलं. चौकातून आला असाल तर ही खोली लगेच ओळखीची वाटते. गाव आधी बघा म्हणते ते यासाठीच. कम्युनिस्ट राजवटीत वर्षानुवर्षं सगळा भर किल्ल्यावर होता, घेट्टोचं म्युझियम १९९१मध्ये उघडलं. सहलीच्या बसेस अजून त्याच जुन्या क्रमाने चालतात असं मला वाटतं. किल्ल्यासमोर कबरींचं मोठं मैदान आहे, त्यावर क्रूस आणि दाविदाचा तारा.

सोयींचं थोडं. गावात खायची ठिकाणं मोजकी, शाकाहारी माणसाला तर फारच मोजकी. आम्ही रात्रीच धपाटे करून घेतले होते, ते किल्ल्यात न खाता चौकातल्या बाकावर खाल्ले. पाणी सोबत ठेवा. दिवसभरात पाच-सहा किलोमीटर चालणं होतं, रस्ते बऱ्याच ठिकाणी दगडी, बोगदा अरुंद. गुडघे दुखत असतील तर बोगदा सोडा, बाहेरूनही जाता येतं. हिवाळ्यात किल्ला लवकर बंद होतो. मुलं नेत असाल तर बारा-तेरा वर्षांच्या पुढची न्या, आणि आधी घरी बोलून न्या. म्युझियममधली नावं मुलं आपल्या वयाशी ताडून वाचतात. परतीची बस बघून ठेवा: आम्ही रविवारी गेलो होतो, बसेस कमी होत्या, आणि आम्ही उलट्या दिशेच्या थांब्यावर उभ्या होतो. डोळ्यांदेखत बस गेली आणि पुढचीसाठी सव्वा तास बसावं लागलं. उतरल्याबरोबर प्रागकडे जाणारा थांबा कुठला ते विचारून घ्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी पिंकास सिनेगॉगला गेलो. क्रम हाच ठेवा, आधी तेरेझीन, मग पिंकास. भिंतींवर बोहेमिया-मोराव्हियाच्या, म्हणजे आजच्या चेकियाच्या, जवळपास ८० हजार ज्यूंची नावं हाताने लिहिलेली आहेत, आणि वरच्या मजल्यावर मुलांची चित्रं.

फ्रीडल व्हिएन्नाची, जर्मनीतल्या बाउहाउस या कलाशाळेत शिकलेली. प्रत्येकाला ५० किलो सामान नेता यायचं. तिने त्यात रंग आणि कागद भरले असं सांगतात. मुलांना ती चित्राखाली आपलं नाव घालायला लावायची. नवऱ्याला पुढे पाठवलं तेव्हा आपणही त्याच्यामागे जायचं तिने स्वतः ठरवलं. ऑक्टोबर १९४४मध्ये ऑश्विट्झला गेली आणि तिथेच मारली गेली. नवरा वाचला. जाण्याआधी तिने सुमारे साडेचार हजार चित्रं दोन सूटकेसमध्ये भरून लपवून ठेवली होती.

मी एका कोलाजसमोर अडकले. फुलदाणीतली फुलं, चिकटवलेल्या तुकड्यांची. कागद कचेरीतला रद्दी फॉर्म होता, छापील रकान्यांच्या रेषा फुलांच्या मागून दिसत होत्या. एका पाकळीची कड गोंद कमी पडल्याने वर उचललेली. खाली उजव्या कोपऱ्यात पेन्सिलीने लिहिलेलं नाव, पहिलं अक्षर मोठं, पुढची जागा कमी पडत गेल्याने बारीक होत गेलेली, शेवटची दोन तर कागदाच्या कडेने वर चढलेली. माझ्या पाचवीच्या वर्गात निम्मी मुलं नाव अशीच लिहितात.