डागापेक्षा बर्फाची कड: सम्राट पेंग्विनच्या नोंदी, जून ते ऑगस्ट

७ जून

अंटार्क्टिकाच्या किनाऱ्यावर बहुतेक ठिकाणी सध्या सूर्य उगवतच नाही. सम्राट पेंग्विनच्या वसाहती शोधायला आपला हौशी गट वापरतो त्या उपग्रहांना उजेड लागतो, त्यामुळे कामाची नवी चित्रं आता थेट सप्टेंबरात. गेल्या वर्षी हे महिने मी नुसती वाट बघत घालवले. यंदा जुनी चित्रं काढून बसायचं आणि नजर तयार करायची, असं ठरवलंय.

गटात नवे आलेल्यांसाठी: सम्राट पेंग्विन घरटं बांधत नाहीत. किनाऱ्याला घट्ट धरून असलेल्या समुद्री बर्फावर ते हजारोंनी महिनोन्महिने उभे राहतात आणि तिथे त्यांची विष्ठा साचत जाते. आपल्याला पक्षी दिसत नाहीत, तो तपकिरी डाग दिसतो. ब्रिटिश अंटार्क्टिक सर्व्हेचे पीटर फ्रेटवेल आणि फिल ट्रॅथन यांनी २००९ साली लँडसॅट या अमेरिकी उपग्रहांच्या चित्रांत अशा डागांवरून ३८ वसाहती शोधल्या. त्यांतल्या १० आधी कुणालाच माहीत नव्हत्या. २०२० मध्ये सेंटिनेल-२ या युरोपीय उपग्रहांच्या चित्रांतून आणखी ११ सापडल्या आणि एकूण आकडा ६१ झाला. सेंटिनेलची ही चित्रं कोपर्निकस ब्राउझर या संकेतस्थळावर फुकट आहेत. शास्त्रज्ञ ज्यावर काम करतात तेच चित्र मी जेवणं आटोपल्यावर घरच्या टेबलावर उघडते, याचं मला अजूनही अप्रूप वाटतं.

१४ जून

गेल्या हंगामातली एक चूक आज सापडली. ज्याला मी वसाहतीचा डाग म्हणून वहीत नोंदवलं होतं, ती हिमकड्याची सावली निघाली. सप्टेंबरात सूर्य क्षितिजाला टेकलेला असतो, सावल्या लांबच लांब पडतात आणि घाईत बघितलं तर मळकट दिसतात. आता तांबड्या पट्ट्यातून निळा पट्टा वजा करून बघते, म्हणजे बी-४ वजा बी-२. सावली निळसर असते, ती या वजाबाकीत मावळते. विष्ठा निळा प्रकाश शोषते, ती उठून दिसते. नुसत्या डोळ्यांवर विसंबू नका, ही वजाबाकी कराच.

ढगांसाठी बी-११, म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या अवरक्त प्रकाशाचा पट्टा. साध्या चित्रात ढगही पांढरा आणि बर्फही पांढरा, त्यामुळे ढगांच्या टक्केवारीची चाळणी इथे फसते. बी-११ मध्ये बर्फ काळा पडतो आणि ढग उजळ राहतो. ताज्या हिमवर्षावावर मात्र उपाय नाही. डाग झाकला गेला की पुढच्या चित्राची वाट बघायची.

खडकावर गुलाबीसर डाग दिसला तर तो बहुधा अ‍ॅडेली पेंग्विनचा. सम्राटांचा डाग शोधायचा तो गोठलेल्या समुद्रावर.

२७ जून

१९११ साली आजच्याच तारखेला कॅप्टन स्कॉटच्या अंटार्क्टिक मोहिमेतले एडवर्ड विल्सन, हेन्री बोवर्स आणि अ‍ॅप्सली चेरी-गॅरार्ड केप इव्हान्सच्या तळावरून केप क्रोझियरच्या सम्राट वसाहतीकडे निघाले. शंभरेक किलोमीटरचं अंतर, पूर्ण अंधार आणि उणे ६० अंशांपर्यंत उतरलेला पारा. सम्राट पेंग्विन हा अगदी आदिम पक्षी आहे, त्याच्या अंड्यातल्या गर्भात सरपटणारे प्राणी आणि पक्षी यांचा दुवा दिसेल, असं तेव्हा वाटत होतं. अंडी हिवाळ्यातच मिळणार, म्हणून जाणंही हिवाळ्यातच. वादळात तंबू उडून गेला, नशिबाने पुन्हा सापडला. पाच अंडी उचलली, दोन वाटेत फुटली आणि तीन लंडनच्या संग्रहालयात पोहोचली. तो दुवा काही मिळाला नाही.

आज हे लिहिण्याचं कारण असं, की हिवाळ्याचं आपल्याकडे एकही चित्र नाही. मे-जूनमध्ये मादी एकच अंडं घालते, ते नराच्या पायांवर सोपवते आणि समुद्राकडे जाते. नर ते पोटाच्या कातडीच्या घडीखाली सुमारे ६५ दिवस उबवतो. वसाहतीत आल्यापासून मादी परतेपर्यंत त्याचा उपास जवळजवळ ११५ दिवसांचा होतो आणि वजन ४० टक्क्यांच्या आसपास घटतं. हे कळलं ते तिथे राहिलेल्या माणसांमुळे. द्युमाँ द्युर्व्हिल या फ्रेंच तळाशेजारच्या वसाहतीचा अभ्यास १९५० च्या दशकापासून चालू आहे. इव्हाँ ल माओ यांनी उपासाचं शरीरशास्त्र तिथेच उलगडलं. आटका उपसागरात डॅनिएल झिटरबार्ट यांनी कॅमेरा लावून दाखवलं, की दाटीवाटीने उभं असलेलं कोंडाळं दर ३०-६० सेकंदांनी ५-१० सेंटिमीटर सरकतं आणि ती हालचाल लाटेसारखी सगळ्यांतून जाते. डागाकडे बघताना हा सरकणारा घोळका मी डोळ्यांपुढे ठेवते.

१२ जुलै

दोन आठवडे स्मायली बेटाच्या चित्रांवर होते. अंटार्क्टिकाजवळच्या बेलिंग्सहाउझेन समुद्रातल्या पाच वसाहतींपैकी ही सर्वांत मोठी, साधारण ३,५०० जोड्यांची. जुन्या वर्षांचे ऑक्टोबर आधी बघितले. डाग ओळखता येतो, हात बसल्यासारखं वाटलं. मग २०२२ उघडलं.

त्या नोव्हेंबरात या समुद्राच्या काही भागांतला बर्फ पार नाहीसा झाला. पिल्लांच्या अंगावर तेव्हा लव असते. तिच्यात पाणी शिरतं. पोहण्याजोगी पिसं डिसेंबर-जानेवारीत येतात. पायाखालचा बर्फ त्याआधी फुटला तर पिल्लू बुडतं किंवा गारठून मरतं. पाचपैकी चार वसाहतींत त्या वर्षी एकही पिल्लू वाचलं नसावं, असा निष्कर्ष फ्रेटवेल आणि सहकाऱ्यांनी २०२३ मध्ये प्रसिद्ध केला. तगली ती बहुधा उत्तरेकडची रॉथ्सचाइल्ड बेटावरची. हे आधी वाचलेलं होतं. तरी तारखा एकामागून एक सरकवत जाताना जिथे पांढरं होतं तिथे काळं पाणी आलं, आणि मी लॅपटॉप मिटून ठेवला. त्या रात्री वहीत काही लिहिलं नाही.

१९ जुलै

डोकं शांत झाल्यावर वही चाळली. आजवर प्रत्येक नोंदीत मी डागाचे पिक्सेल मोजत आले. एक पिक्सेल म्हणजे १०० चौरस मीटर. थंडीत दाटलेल्या कोंडाळ्यात एका चौरस मीटरमध्ये दहाएक पक्षी मावतात. वसंतात पिल्लं मोठी होऊन सगळे पांगले की तेवढ्याच जागेत मूठभर. म्हणजे डाग पसरला म्हणून पक्षी वाढले असं होत नाही. २०१२ मध्ये जी गणना जाहीर झाली, सुमारे २,३८,००० जोड्यांची, ती कितीतरी बारीक तपशिलाच्या चित्रांवरून केलेली होती. आपल्या फुकटच्या चित्रांतून संख्या काढू नये, असं माझं स्पष्ट मत झालंय.

मात्र बर्फ कधी फुटला, हे आपल्याला नेमकं सांगता येतं. काळी-पांढरी कड दहा मीटरच्या चित्रातही स्वच्छ दिसते. हॅली उपसागराचंच बघा. एकेकाळची जगातली दुसऱ्या क्रमांकाची मोठी सम्राट वसाहत. २०१६ पासून बर्फ वेळेआधी फुटत गेला, लागोपाठ तीन वर्षं पिल्लं जवळजवळ नाहीतच. बरेच पक्षी ५५ किलोमीटरवरच्या डॉसन-लॅम्टनकडे गेले, तिथली संख्या दसपटीहून वाढली. सगळं त्या कडेवर ठरलं. म्हणून वहीचे रकाने मी बदलले: आधी कड, डागापासून कडेचं अंतर, शेवटचा अखंड बर्फ दिसल्याची तारीख, आणि मग डाग.

९ ऑगस्ट

या हंगामासाठी अमांडा उपसागर घेतलाय. अंटार्क्टिकातल्या आपल्या भारती या संशोधन तळापासून तीसेक किलोमीटरवर, प्रिड्झ उपसागरात. गोव्यात वास्कोला ज्या राष्ट्रीय ध्रुवीय संस्थेतून भारतीच्या मोहिमा आखल्या जातात, तिच्या फाटकावरून मी कितीदा गेले असेन, पण त्या तळाच्या शेजारी हजारो सम्राट उभे असतात हे मला या छंदात पडेपर्यंत ठाऊक नव्हतं. हे विशेष संरक्षित क्षेत्र आहे, परवान्याशिवाय तिथे पाऊल ठेवता येत नाही. वरून बघायला हरकत नाही.

चौकट आखून ठेवली आहे, आठही वर्षांच्या चित्रांना तीच वापरली. जुलैच्या मध्यानंतर तिथे सूर्य पुन्हा दिसू लागला. पिल्लं आता बापांच्या, आयांच्या पायांवर असतील. भारतीजवळचा बर्फ आणखी कुणी बघत असेल तर कडेच्या तारखा ताडून बघूया. पहिलं ढगविरहित चित्र मिळालं की इथेच नोंदवते.