मुलाचं पहिलं काम आणि त्याआधीची कागदपत्रं

धाकट्याची जाहिरात टीव्हीवर लागली आणि मंडळातल्या जवळजवळ प्रत्येकाने मला एकच प्रश्न विचारला: ओळख कुणाची होती? ओळख कुणाचीच नव्हती. आम्ही कॅलिफोर्नियात अर्व्हाइनला राहतो, नवरा सॉफ्टवेअरमध्ये, मी हिशेबाची कामं बघते. दोन्हीकडच्या घराण्यांत नाटकवेडे पुष्कळ आहेत, पण कॅमेऱ्यासमोर कुणी उभं राहिलेलं नाही. जे झालं ते अर्ज भरून, शाळेच्या सह्या घेऊन, बँकेत खेटे घालून झालं. ते सगळं कसं झालं हे इथे लिहिते आहे, कारण गेल्या वर्षभरात बऱ्याच आईबाबांनी विचारलं आणि फोनवर अर्धंच सांगून होतं. मुलांची नावं मात्र मुद्दाम लिहीत नाही.

सुरुवात खरं तर थोरलीपासून व्हायला हवी होती. ती पुण्यात जन्मली, तीन वर्षांची असताना आमच्याबरोबर इथे आली. गणेशोत्सवातल्या बालनाट्यांत ती नेहमी उठून दिसायची. तिच्या शाळेतल्या नाटकाच्या बाईंनीच सुचवलं की हिच्यासाठी एखादा एजंट बघा. आम्ही चौकशी केली आणि पहिल्याच पायरीवर थांबलो. ती एच-४ व्हिसावर आहे, म्हणजे इथे नोकरीच्या व्हिसावर आलेल्यांच्या कुटुंबाला मिळतो तो, आणि त्यावरच्या मुलांना अमेरिकेत पगारी काम करता येत नाही. पैसे न घेता केलं तर चालेल का, असं सगळे विचारतात. ज्या कामाचे इतरांना पैसे मिळतात ते फुकट केलं तरी नोकरीच समजली जाऊ शकते, त्यामुळे इमिग्रेशनच्या वकिलाला विचारल्याशिवाय त्या वाटेला जाऊ नये. भारतात जन्मलेल्यांची ग्रीन कार्डाची रांग किती लांब आहे हे इथल्या कुणालाच सांगायला नको. धाकटा मात्र इथेच जन्मला, म्हणून नागरिक. एकाच घरातल्या दोन मुलांपैकी एकाला दार उघडं आणि दुसरीला बंद, हे तिला समजावून सांगणं या सगळ्या प्रकारातलं सर्वांत अवघड काम होतं. ते अजूनही पूर्ण झालेलं नाही.

तर धाकटा. नऊ वर्षांचा झाला तेव्हा त्याने स्वतःहून हट्ट धरला. एका मॉलमध्ये त्याला पाहून कुणीतरी कार्ड दिलं, हॉटेलच्या हॉलमध्ये बोलावलं आणि तिथे प्रशिक्षण व फोटो मिळून काही हजार डॉलरचं पॅकेज समोर ठेवलं. आम्ही घरी येऊन वाचायला बसलो. कॅलिफोर्नियात २०१० पासून कायदाच आहे की एजंट किंवा मॅनेजर यांनी काम मिळवून देण्यासाठी आधी पैसे घ्यायचे नाहीत. त्यांचा वाटा कामाच्या मोबदल्यातून: एजंटचा साधारण १० टक्के, मॅनेजरचा बहुतेक वेळा १० ते १५. एजंटकडे राज्याच्या लेबर कमिशनरचा परवाना लागतो आणि तो आहे की नाही हे ऑनलाइन पाहता येतं. मुलांना अभिनय शिकवणारे, त्यांचे फोटो काढणारे, त्यांचं व्यवस्थापन करणारे यांनाही वेगळं परमिट घ्यावं लागतं, त्यासाठी बोटांचे ठसे देऊन पार्श्वभूमीची तपासणी होते. हे परमिट मागून पाहायला लाजू नका. कोवळ्या पोराला परक्या माणसाच्या स्वाधीन करण्याआधी कागद बघणं हे आईबापाचं कामच आहे.

आम्हाला एजंट मिळाली ती साध्या मार्गाने. खिडकीजवळच्या उजेडात काढलेले दोन नीट फोटो, छोटीशी ध्वनिचित्रफीत, आणि यादी करून पाठवलेल्या मेल. बऱ्याच ठिकाणांहून उत्तर आलं नाही, एका ठिकाणाहून आलं.

एजंटने पहिल्याच फोनवर विचारलं, “परमिट आणि कूगन तयार आहे ना?”

परमिट म्हणजे मुलांसाठीचा मनोरंजन क्षेत्रातला कामाचा परवाना. तो लेबर कमिशनरचं कार्यालय देतं, त्याला पैसे पडत नाहीत आणि तो सहाच महिने चालतो. अर्जासोबत वयाचा पुरावा लागतो. पण अर्जाचा जीव शाळेच्या भागात आहे. अभ्यास, हजेरी आणि तब्येत तिन्ही समाधानकारक आहेत असं लिहून शाळेने सही करायची. दर सहा महिन्यांनी हेच पुन्हा. मार्क घसरले की परवाना अडकतो. माझ्या सासूबाई साताऱ्याहून फोनवर सारखं विचारत होत्या, अगं, शाळेचं काय? त्यांना मी हे सांगितलं तेव्हा कुठे त्या निवांत झाल्या. पहिल्यांदाच अर्ज करणाऱ्यांना ५० डॉलर भरून दहा दिवसांचा तात्पुरता परवाना मिळतो, पण तो एकदाच. चौदा वर्षांपुढच्या मुलांना आणि त्यांच्या पालकांना लैंगिक छळ कसा ओळखायचा व रोखायचा याचं प्रशिक्षणही पूर्ण करावं लागतं. आमची ती वेळ अजून यायची आहे.

कूगन म्हणजे खातं. त्यामागची गोष्ट मला आधी माहीत नव्हती, आता मात्र विचारेल त्याला सांगते. जॅकी कूगन हा १९२१ सालच्या चॅप्लिनच्या ‘द किड’मधला मुलगा, तेव्हा सहा वर्षांचा. पुढच्या काही वर्षांत त्याने लाखो डॉलर कमावले. १९३५ साली त्याचे वडील मोटार अपघातात गेले, त्याच वर्षी तो एकवीस वर्षांचा झाला, आणि आपले पैसे मागायला गेला तर ते त्याचे नव्हतेच. त्या वेळच्या कायद्याप्रमाणे अल्पवयीन मुलाची कमाई आईवडिलांची. १९३८ मध्ये त्याने आई आणि सावत्र वडिलांवर खटला भरला, पण तोवर बहुतेक पैसा संपला होता. हातात आले सुमारे १,२६,००० डॉलर. त्यानंतर १९३९ साली त्याच्या नावाचा कायदा झाला. त्यातही पळवाटा होत्या, कारण न्यायालयाने मंजूर केलेल्या करारांनाच तो लागू पडायचा. १ जानेवारी २००० पासून सुधारित कायद्याने त्या बुजवल्या. आता कॅलिफोर्नियात अशा करारातून येणारी मुलाची सगळी कमाई कायद्याने मुलाचीच मालमत्ता, आणि एकूण मोबदल्यातले किमान १५ टक्के, कर किंवा कमिशन कापायच्या आधीचे, काम देणाऱ्यानेच परस्पर त्या बंद खात्यात भरायचे. मूल अठरा वर्षांचं होईपर्यंत त्यातला पैसा आईलाही काढता येत नाही, बापालाही नाही.

हा कायदा माझ्यासारख्यांपासून मुलाचं रक्षण करण्यासाठी लिहिला आहे. हे कळल्यावर मला आधी थोडं टोचलं. आम्ही आमच्या पोराचे पैसे खाऊ का? पण कूगनच्या आईनेही स्वतःला वाईट आई समजलं नसेल. घराचं भाडं, गाडी, क्लास, ये-जा, सगळं त्याच्यासाठीच चाललंय असं म्हणत पैसा वाहून जातो. म्हणून मला ते खातं मनापासून आवडतं.

खातं उघडणं मात्र सोपं नाही. सगळ्या बँका ते उघडत नाहीत. पहिल्या शाखेत समोरच्या माणसाला ते काय असतं हेच ठाऊक नव्हतं, तिसऱ्या ठिकाणी झालं. जन्मदाखला, मुलाचा सोशल सिक्युरिटी क्रमांक, आमची ओळखपत्रं घेऊन मुलासह गेलो. करारावर सही झाल्यापासून सात कामकाजाच्या दिवसांत हे खातं उघडलेलं लागतं, तेव्हा काम मिळायच्या आधीच उघडून ठेवावं.

मुंबईला माझ्या मावसबहिणीचा मुलगा मालिकेत काम करतो. तिच्याशी बोलताना कळलं की आपल्याकडेही २०१७ च्या नियमांनी अशी तरतूद झाली आहे. बालकलाकाराच्या उत्पन्नातले किमान २० टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत मुदतठेवीत ठेवायचे, दिवसाला पाच तासांहून जास्त काम नाही, सलग तीन तासांहून जास्त नाही, आणि निर्मात्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची. टक्केवारीत आपण पुढेच आहोत. महाराष्ट्रातल्या पालकांनी हे नियम छापून जवळ ठेवावेत.

मग सुरू झाल्या सेल्फ-टेप. करोनाच्या काळापासून इथल्या बहुतेक पहिल्या ऑडिशन घरूनच पाठवायच्या असतात. संध्याकाळी एजंटची मेल येते, सोबत प्रसंगाची दोन-चार पानं, त्यांना साइड्स म्हणतात. उद्या दुपारपर्यंत पाठवा. आमच्या पाहुण्यांच्या खोलीत करड्या रंगाची चादर ताणून बसवली, दोन दिवे घेतले. सुरुवातीला नाव, उंची, दोन्ही बाजूंनी चेहरा. आणि समोरच्या पात्राचे संवाद वाचायला थोरली. कॅमेऱ्याच्या शेजारी उभी राहून ती आपला आवाज मुद्दाम सपाट ठेवते, म्हणजे बघणाऱ्याचं लक्ष भावावर राहतं. पण टेक सुरू व्हायच्या आधी ती त्याला काहीतरी कुजबुजते आणि तो बदलतो. काय सांगतेस, असं मी एकदा विचारलं. ती म्हणाली, “काही नाही गं आई, फक्त विचारते, तुला आत्ता तिच्याकडून काय हवंय?” तिच्यातली नटी अशी त्याच्या प्रत्येक टेपमध्ये आहे, फक्त दिसत नाही. वाक्य कसं म्हणायचं हे मी आणि त्याचे बाबा कधीही सांगत नाही. आईच्या चालीत बोललेलं वाक्य कास्टिंगवाल्यांना लगेच ओळखू येतं, असं त्याच्या शिक्षकांचं म्हणणं आणि माझंही.

बहुतेक टेपांना उत्तर येत नाही. नकारही येत नाही. पाठवली की विसरायची, हे मुलं आपल्यापेक्षा लवकर शिकतात.

१४ जुलै २०२३ ला सॅग-आफ्ट्रा या कलाकारांच्या संघटनेचा संप सुरू झाला आणि चित्रपट-मालिकांचं काम थांबलं, ते ९ नोव्हेंबरपर्यंत. जाहिरातींचा करार वेगळा, म्हणून त्या चालू होत्या. त्याच काळात त्याला जाहिरात मिळाली. आधी झूमवर कॉलबॅक, म्हणजे दुसऱ्या फेरीची ऑडिशन, मग दोन दिवस तारखा मोकळ्या ठेवा असा निरोप, मग फोन. त्या दिवशी घरात पुरणपोळी झाली, सण नसताना.

सेटवरचा दिवस मी कधी विसरणार नाही, पण चकचकाटामुळे नाही. लॉस एंजेलिसजवळ बर्बँकला पहाटे पोहोचलो. सर्वांत आधी भेटल्या त्या स्टुडिओ टीचर, म्हणजे सेटवर मुलांचा अभ्यास आणि कामाची वेळ बघणाऱ्या शिक्षिका. त्यांनी परमिट मागितलं, वेळ लिहून घेतली आणि मला सांगितलं की मूल मला दिसेल किंवा त्याचा आवाज माझ्या कानावर पडेल इतक्याच अंतरावर मी राहायचं. सोळा वर्षांखालच्या मुलांसाठी तसा नियमच आहे. धाकटा तेव्हा दहा वर्षांचा. नऊ ते सोळा वयाच्या मुलाने शाळेच्या दिवशी सेटवर जेवणाचा अर्धा तास सोडून नऊ तास थांबायचं, त्यात काम पाच तास, अभ्यास तीन तास, विश्रांती एक तास. अभ्यास वीस मिनिटांहून छोट्या तुकड्यांत केला तर तो धरला जात नाही. एका ट्रेलरमध्ये टेबल मांडून त्या त्याच्याकडून अपूर्णांक करून घेत होत्या आणि बाहेर चाळीसेक माणसं त्याची वाट पाहत होती.

दुपारनंतर दिग्दर्शकाला आणखी एक टेक हवा होता. उजेड उतरत होता, सगळ्यांची धावपळ. टीचरबाईंनी घड्याळ पाहिलं आणि म्हणाल्या, “मुलाचा वेळ संपला.” कुणी वाद घातला नाही. मला कुणी विचारलंही नाही, आणि त्याचं मला फार बरं वाटलं. अशा वेळी आईला विचारलं तर तिच्यावर केवढं ओझं येतं. नाही म्हणावं तर पुढचं काम जाईल का, हो म्हणावं तर पोर दमलेलं. तो निर्णय आईकडून काढून घेऊन, ज्या व्यक्तीला त्या कामाच्या यशापयशाशी देणंघेणं नाही तिच्याकडे देणं, यात मला मोठं शहाणपण दिसतं.

पैशाचं थोडक्यात सांगते. १,००० डॉलर मिळाले असं धरलं तर १५० कूगन खात्यात, १०० एजंटला, मॅनेजर असेल तर त्याचे आणखी, आणि कर. उरतं तेही मुलाचंच. आम्ही ते त्याच्या नावाने वेगळं ठेवतो, ये-जा आणि क्लासचा खर्च आमच्या पगारातून. प्रत्येक घराला हे जमेलच असं नाही, पण जमत असेल तर हिशेब स्वच्छ राहतो.

ती जाहिरात संघटनेच्या करारातली होती, त्यामुळे बिगरसभासद असूनही त्याला टाफ्ट-हार्टली नावाच्या १९४७ च्या कायद्यातल्या तरतुदीने काम करता आलं. त्यानंतर तीस दिवस मोकळीक, पुढच्या तशा कामाला सभासद व्हावंच लागतं. २०२४ मध्ये त्याला एका मालिकेत दोन प्रसंगांची भूमिका मिळाली आणि आम्ही प्रवेश फी भरली, ३,००० डॉलरच्या घरात. घाईने सभासद होऊ नये असं माझं मत आहे. एकदा झालात की संघटनेबाहेरची छोटी कामं बंद होतात, आणि शिकायच्या वयात तीच उपयोगी असतात.

शाळेचं म्हणाल तर परमिट असलेल्या मुलाला अशा कामासाठी वर्षातून पाच वेळा, प्रत्येक वेळी सलग पाच दिवसांपर्यंत रजा मंजूर होते. वर्गशिक्षिकेला आधी कळवलं की त्या गृहपाठ देऊन ठेवतात आणि तोच स्टुडिओ टीचर करून घेतात.

आता त्याचा आवाज फुटायला लागलाय. लहान मुलाच्या भूमिका कमी झाल्या, मोठ्या मुलाच्या अजून येत नाहीत. एजंट म्हणते, हा काळ असाच जातो. त्याला फुटबॉलच्या संघात जायचंय आणि आम्ही जा म्हटलंय. थोरली पुढच्या वर्षी कॉलेजला जाईल, नाट्यशास्त्र घेणार म्हणते, मग टेपसाठी वाचायला कुणीतरी शोधावं लागेल. परमिटची मुदत जूनच्या शेवटी संपते. शाळेला सुट्टी लागली की ऑफिसात सही करायला कुणी नसतं, म्हणून अर्ज मेच्या पहिल्या आठवड्यातच देऊन यायचा आहे.