ॲक्सेस रखडतंय? आधी फाइलचं वजन बघा

नागपूरच्या इतवारीतली किराण्याची ठोक दुकानं, गांधीबागेतल्या कापडाच्या पेढ्या, कळमन्यातले आडतिये, अशा ठिकाणी मायक्रोसॉफ्ट ॲक्सेस या नोंदी साठवायच्या प्रोग्रामवर कधीकाळी बांधून घेतलेलं बिलिंगचं सॉफ्टवेअर अजून सापडतं. सुरुवातीला ते पळतं. मग एका पार्टीचं खातं उघडेपर्यंत टेबलावरचा चहा गार व्हायला लागतो आणि मालक नवा कॉम्प्युटर बघायला निघतो. रॅम दुप्पट झाली तरी खातं तेवढ्याच वेळात उघडतं.

त्याआधी एक करा. डेटाच्या फाइलवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये साइझ बघा आणि वहीत लिहून ठेवा. आठवड्याने पुन्हा बघा. नोंदी थोड्या वाढल्या आणि फाइल मात्र भरमसाट वाढली, तर तो फुगवटा आहे.

फुगवटा कसा होतो ते कळलं की पुढचं सोपं जातं. ॲक्सेस डेटा ४ केबीच्या पानांत ठेवतं. एखादं बिल खोडलं की त्या नोंदीवर काट मारली जाते, पण फाइल लहान होत नाही. सगळ्यात जास्त फुगवतात ती तात्पुरती टेबलं. टेबल म्हणजे फाइलमधला नोंदींचा तक्ता. बऱ्याच जुन्या सॉफ्टवेअरमध्ये थकबाकीचा रिपोर्ट काढताना आधी एक टेबल भरलं जातं, रिपोर्ट छापला की रिकामं केलं जातं. दिवसातून वीसदा रिपोर्ट काढला तर वीसदा नवी पानं जोडली जाऊ शकतात. असली टेबलं वेगळ्या फाइलमध्ये ठेवावीत आणि ती फाइल रोज सकाळी कोऱ्या प्रतीने बदलावी. फाइलची कमाल मर्यादा २ जीबी आहे आणि ती कुठल्याच सेटिंगने वाढत नाही. माझ्या मते १.५ जीबी ओलांडली की जुन्या वर्षांचा डेटा वेगळ्या फाइलमध्ये काढायची वेळ आली.

फुगवट्यावरचा उपाय म्हणजे कॉम्पॅक्ट अँड रिपेअर. ते जुन्या फाइलवरून नवी फाइल लिहितं, रिकामी पानं गाळतं, नोंदी प्रायमरी कीच्या, म्हणजे प्रत्येक नोंदीच्या वेगळ्या ओळख क्रमांकाच्या, क्रमाने लावतं आणि टेबलांची आकडेवारी ताजी करतं. त्यामुळे पुढच्या वेळी क्वेरी, म्हणजे डेटातून हव्या त्या नोंदी मागायची आज्ञा, नव्याने हिशेब करून जवळचा रस्ता निवडते. नवी फाइल लिहायची म्हणून डिस्कवर निदान मूळ फाइलच्या दुप्पट जागा मोकळी हवी.

दुकान बंद झाल्यावर करा, घाईत नको. आधी सगळ्या मशीनवरचं सॉफ्टवेअर बंद करून डेटाच्या फोल्डरमध्ये बघा. त्याच नावाची, पण एलएसीसीडीबी (जुन्या एमडीबी फाइलला एलडीबी) एक्स्टेन्शनची छोटी फाइल दिसत असेल तर कुणीतरी अजून आत आहे. ही लॉक फाइल. शेवटचा माणूस बाहेर पडला की ती आपोआप जाते. गेली नाही तर एखाद्या मशीनवर ॲक्सेस पडद्यामागे अडकलंय, टास्क मॅनेजरमधून ते बंद करा. ती रोजच मागे राहत असेल तर त्या फोल्डरमध्ये युजरला फाइल खोडायची परवानगी दिलेली नाही, ती द्या.

लॉक फाइल गेली की डेटाच्या फाइलची प्रत दुसऱ्या डिस्कवर घ्या, नावात तारीख टाकून. मुख्य टेबलांत किती नोंदी आहेत ते टिपून ठेवा. नेटवर्कवरच्या फाइलवर थेट कॉम्पॅक्ट लावू नका, मध्येच जोडणी तुटली तर फाइल जायची. डेटा ज्या मशीनवर आहे तिथेच बसा, किंवा फाइल आपल्या डिस्कवर आणून डेटाबेस टूल्समधून कॉम्पॅक्ट अँड रिपेअर चालवा आणि परत ठेवा. मग नोंदी पुन्हा मोजा. नावात कॉम्पॅक्ट एरर असलेलं एखादं नवं टेबल उगवलं असेल तर ते उघडून वाचा. कुठल्या टेबलात काय बिघडलं ते त्यात लिहिलेलं असतं. लोक ते न वाचताच खोडून टाकतात.

रोजची वर्दळ असेल तर आठवड्यातून एकदा, नसेल तर महिन्यातून एकदा पुरे. संत्र्याचा धंदा असेल तर आंबिया बहाराची आवक सुरू व्हायच्या आधी आणि मृग बहाराच्या आधी एकेक जास्तीचा हात मारा. ऐन हंगामात फाइल अडली तर हमाली-तोलाईचा हिशेब पुन्हा कागदावर जातो.

ऑप्शन्समध्ये ‘कॉम्पॅक्ट ऑन क्लोज’ नावाची एक खूण असते. ती लावून लोक निश्चिंत होतात. फाइल दोन भागांत असेल, म्हणजे फॉर्म (नोंदी भरायचे पडदे) आणि रिपोर्ट एकीकडे, टेबलं दुसरीकडे, तर टेबलांच्या फाइलला या खुणेचा काही उपयोग नाही. ती फाइल कुणी स्वतः उघडतच नाही, मग बंद कुठून होणार? फॉर्मच्या फाइलवर लावली तर रोज संध्याकाळी उगीच वेळ जातो. काढून टाका. आणि फाइल अजून एकाच तुकड्यात असून तीन-चार मशीन ती शेअर करत असतील, तर इतर सगळं बाजूला ठेवून आधी ती फोडा. फॉर्मची प्रत प्रत्येक मशीनच्या स्वतःच्या डिस्कवर, टेबलं एका जागी.

कॉम्पॅक्ट करूनही खातं हळूहळूच उघडत असेल तर इंडेक्सकडे वळा. इंडेक्स म्हणजे पुस्तकाच्या शेवटच्या सूचीसारखी, नोंद पटकन सापडावी म्हणून ठेवलेली यादी. पार्टी कोड, बिलाची तारीख, बिल नंबर, ज्यावर शोध किंवा दोन टेबलांची जोडणी होते त्या रकान्यांना इंडेक्स हवाच. हो-नाही प्रकारच्या रकान्याला नको, दोनच किमती असल्याने त्याने फार काही साधत नाही. नको ते इंडेक्स नोंद करताना ओझं होतात. रकान्याच्या नावाच्या सुरुवातीला किंवा शेवटी आयडी, कोड, नम (नंबरचं लघुरूप) असं काही असलं की ॲक्सेस आपणहून इंडेक्स लावतं, आणि टेबलांतलं नातं पक्कं केलं की आणखी एक छुपा इंडेक्स तयार होतो. एकाच रकान्यावर दोन-दोन. टेबल डिझाइनमध्ये इंडेक्सची खिडकी उघडून दुबार असलेले काढा. ऑप्शन्सच्या ऑब्जेक्ट डिझायनर्समधली ऑटोइंडेक्सची यादीही रिकामी करा.

इंडेक्स असूनही तो वापरला जात नाही, असंही होतं. क्वेरीत तारखेवर इयर फंक्शन लावून २०२४ शी तुलना केली की ॲक्सेसला प्रत्येक नोंद उघडून वर्ष काढावं लागतं. त्याऐवजी १ जानेवारी ते ३१ डिसेंबर २०२४ असा पल्ला द्या. पार्टीच्या नावाचंही तसंच. ‘राम’ने सुरू होणारी नावं मागितली तर इंडेक्स कामी येतो, नावात कुठेही ‘राम’ असलेली मागितली की पूर्ण टेबल चाळलं जातं.

दोन छोट्या सेटिंग्जने बराच फरक पडतो. टेबलाच्या प्रॉपर्टीजमध्ये सबडेटाशीट नेम ‘ऑटो’ असतं, ते ‘नन’ करा. करंट डेटाबेसच्या ऑप्शन्समध्ये नेम ऑटोकरेक्टची खूण काढा. शिवाय डेटाच्या फाइलमधल्या एखाद्या छोट्या टेबलावर एक छुपा फॉर्म दिवसभर उघडा ठेवला तर लॉक फाइल पुन्हा पुन्हा बनत-मोडत नाही. नेटवर्कवर हा फरक लगेच जाणवतो.

आता विजेचं. ॲक्सेसमध्ये लिहिण्याचं काम सर्व्हर करत नाही, प्रत्येक मशीन स्वतः करतं. लिहिताना एक मशीन पडलं की फाइल अर्धवट राहते. म्हणून सगळ्या मशीनला यूपीएस लावतात, आणि कोपऱ्यातला नेटवर्कचा स्विच मात्र साध्या बोर्डावर असतो! लाइट गेली की मशीन चालू, जोडणी बंद, म्हणजे व्हायचं ते नुकसान झालंच. स्विचही यूपीएसवर घ्या. वायफायवर डेटाची फाइल चालवू नका, केबल ओढा. नेटवर्क कार्डाच्या प्रॉपर्टीजमध्ये वीज वाचवण्यासाठी कार्ड बंद करण्याची परवानगी असते, तीही काढा.

यूपीएसची बॅटरी सहसा लेड-ॲसिडची असते. २५ अंशांच्या वर दर १० अंशांना तिचं आयुष्य साधारण निम्मं होतं. मे महिन्यात नागपूरचा पारा ४५ च्या घरात असतो, त्यात बंद काउंटरखाली कोंबलेला यूपीएस. दरवर्षी होळीनंतर भर टाकून, म्हणजे मशीन चालू ठेवूनच, प्लग काढून किती मिनिटं टिकतो ते बघा. त्या वेळी सॉफ्टवेअर मात्र बंद असू द्या. आणि पडदा गोठला की थेट मेन स्विच बंद करणाऱ्या पोट्ट्याला आधी टास्क मॅनेजर शिकवा.

फाइल बिघडल्याची खूण ओळखायला सोपी आहे. शेरा लिहायच्या लांब मजकुराच्या रकान्यात अचानक चिनीसारखी अक्षरं, किंवा एका नोंदीवर पोचताच एरर. लांब मजकूर वेगळ्या पानांवर असतो आणि तिकडे जाणारा दुवा तुटलेला असतो. अशी फाइल चालवत राहू नका. प्रत घ्या, कॉम्पॅक्ट करा. नाही सुधारली तर कोरी फाइल बनवून सगळी टेबलं तिच्यात इम्पोर्ट करा. एखादं टेबल अडलं तर बिल नंबरच्या पल्ल्याने तुकडे करून आणा, १ ते ५००, मग ५०१ ते १०००. जो तुकडा अडेल तो अर्धा करत गेलात की नेमकी कुजलेली नोंद सापडते. तेवढी सोडून बाकीच्या आणा आणि सुटलेलं बिल कागदी प्रतीवरून पुन्हा भरा.